घाबरू नका रे, कॉफीवरनं भांडा

शिवाजी पेठेत आमच्या एकांकिकेची तालीम चालूय. १९७७ सालचं पूर्व बर्लिन, एक साधं घर, नवरा-बायको, म्हातारी आणि शेजारीण. आणि आमची पोरं एंट्री घेतल्यापासनं अशी भेदरलेली की स्टासी, म्हणजे तिथले गुप्त पोलीस, कपाटातच बसलीय, नुसती कुजबुज. अरे भावांनो, पाळत होतीच, पण माणूस चोवीस तास घाबरून जगत नसतोय, भांडतोय पण की. आणि त्या वर्षी लोक पेटले ते कॉफीवरनं.

१९७५ ला ब्राझीलमध्ये दव गोठून कॉफीच्या बागा जळाल्या, जगभर भाव भडकले आणि पूर्व जर्मनीच्या सरकारकडं परकीय चलनाचा आधीच खडखडाट. मग १९७७ ला काफे-मिक्स काढलं, ५१ टक्के कॉफी, बाकी चिकरी, राय, बीट असलं कायबाय. वाटाण्याचं पीठसुद्धा, ते हॉटेलातल्या मशीनमध्ये फुगून बसायचं नि मशीन बंद. लोकांनी नाव ठेवलं 'एरिक्स क्रोनुंग', म्हणजे पश्चिम जर्मनीतल्या 'याकोब्स क्रोनुंग' या भारी ब्रँडला आपल्या सर्वेसर्वा एरिक होनेकरसाहेबांचं नाव चिकटवलं. तक्रारअर्जांचा तर ढीग लागला. तिथली जनता कॉफीवर बूट-चपलांच्या दुप्पट खर्च करायची, हे कोल्हापुरात सांगितलं की ऐकणारा आधी स्वतःच्या चपलेकडं बघतोय.

प्रॉपसाठी पाकीट आणलं तर त्यावर कॉफी ५३, चिकरी ४७ टक्के. आपण हे हौसेनं पितो, अर्थात वाटाणा नसतोय त्यात.

माझा आवडता सीन म्हातारीचा. पश्चिमेतल्या बहिणीनं पार्सलातनं खरी कॉफी पाठवलीय, ती डबा उघडून वास घेते आणि तेवढ्यात शेजारीण दारात. हा रोल करणाऱ्या मावशी रेशनच्या रॉकेलला रांगा लावलेल्या, त्यांना काय सांगावं लागलं नाही. अंगात फ्रॉक, तरी हात पदर शोधत गेला, मग डबा पाठीमागं सारून तोंडभर हसत, "ये की गं, बस." काळीज धडधडतंय ते इथं, कपाटातल्या स्टासीपाशी नाही.

पण दिग्दर्शकाला शेवटी लाल लाईट आणि बर्लिनची भिंत पडल्याचा आवाज पाहिजेच. १९७७ च्या घरात १९८९ ची भिंत! परवा यावरनंच तालीम मोडली, आज परत बसायचंय.