हिवघळ, नोंद ६ : नदी सरकवावी लागली

हिवघळ ही माझ्या कल्पनेतली घळ; तिचा नकाशा, कथा आणि मॉडेल करतोय. मागच्या नोंदीत तिथे दाखवलेले चमकणारे निळे स्फटिक काढून टाकले. दिसायला झकास होते, पण ते तिथेच का उगवले, याला माझ्याकडे 'जादू' एवढंच उत्तर होतं. आता अख्ख्या घळीत जादूची गोष्ट एकच ठेवलीय, हिवबीज. घागरीएवढं, अधांतरी, डोळ्यांना न दिसणारं, आणि भोवतालची उष्णता सतत पिणारं. लाव्हा आला तो त्याच्यापासून तीन मीटरांवरच थिजला आणि तिथून बाहेरच्या बाजूला थिजत गेला. बाकी सगळं खडकाच्या नेहमीच्या नियमांनीच व्हायला हवं, हा माझा हट्ट.

नियम तसा साधा. थिजणारा लाव्हा आकसतो, आकसताना तडकतो आणि तडे थंड पृष्ठभागाशी काटकोन करत आत शिरतात. या तड्यांनी खडकाचे खांब सुटे होतात. सपाट थर वरून गार झाला की खांब उभे. उत्तर आयर्लंडमधल्या जायंट्स कॉजवेवर असे सुमारे ४०,००० खांब आहेत. माझ्याकडे गारवा एका गोळ्यातून येतो, म्हणून खांब डेलियाच्या पाकळ्यांसारखे चहूबाजूंनी फाकलेले. घळीत उतरणाऱ्याला बीज दिसत नाही. दिसतात ते खांब, सगळे एकाच रिकाम्या जागेवर रोखलेले. मला हवा होता तो शहारा इथे फुकटात मिळाला.

मॉडेल १:१०० प्रमाणात करतोय. थर्माकोलच्या दीडएकशे काड्या कापल्या आणि घाईत साधा स्प्रे पेंट मारला. त्यातल्या द्रावकाने थर्माकोल खाल्लं, दहा मिनिटांत शेवयांचा लगदा. हे मला आधीपासून माहीत होतं, म्हणून तर जास्त चिडचिड झाली.

मग कॉर्नफ्लोअरकडे वळलो. कॉर्नफ्लोअर आणि पाणी समसमान वजनाने कालवून दिव्याखाली वाळवलं की त्यात खरोखरचे खांब तयार होतात. उष्णतेच्या जागी पाणी जातं, आकसणं तेच. आधी वरून चिखलासारख्या मोठ्या भेगा पडतात. तिथे फसू नका. खरी गंमत आत असते, ढेकूळ उलटं करून फोडल्याशिवाय दिसत नाही. माझे खांब खोलवर साधारण ४ मिमी रुंदीचे निघाले, म्हणजे प्रमाणात ४० सेंटीमीटर. खऱ्या बेसाल्टला शोभेल असं माप!

अडचण दिशेची होती. वाटीत वरून वाळवलं की खांब समांतरच येणार. म्हणून चहाची गोल गाळणी घेतली, बाहेरून पातळ कापड लावलं, फुगीर बाजू खाली करून मिश्रणात रुतवली आणि उरलेला पृष्ठभाग प्लॅस्टिकने घट्ट झाकला. आता पाणी जाईल ते गाळणीतूनच. चार दिवस दिवा चालू. पाचव्या दिवशी गाळणी उचलली, ढेकूळ मधोमध तोडलं आणि बराच वेळ नुसता बघत बसलो. पोकळीलगत दाभणाच्या टोकासारखे बारीक खांब, बाहेर जावं तसे जाड होत गेलेले. लवकर वाळलं तिथे बारीक, सावकाश तिथे जाड, आणि लाव्हाचंही तसंच असतं. भिंगातून टोकं पाहिली तर षटकोन बरेच, पण पाच बाजूंचेही कमी नाहीत, मध्येच एखादा सातांचा. चित्रात सगळे खांब मधाच्या पोळ्यासारखे काढणाऱ्यांनी (यात मीही आलो) हे एकदा बघाच.

पोकळीच्या आतल्या बाजूला काळं चकचकीत व्हार्निश दिलं. झटक्यात गारठलेल्या लाव्हाला स्फटिक बांधायला सवडच मिळत नाही, त्याची काच होते. बाकी ढेकळाला स्पिरिटमध्ये विरघळवलेली लाख लावली. पाण्याचं व्हार्निश एका तुकड्यावर करून पाहिलं, तो हातातच भुगा झाला.

आता नदीचं. एका कडेला (मॉडेलची ती पूर्व बाजू) प्लॅस्टिक सुटलं होतं, तिथून वेगळं वाळलं. त्या बाजूचे खांब बाहेरून आत आले, गाळणीकडचे आतून बाहेर, आणि जिथे गाठ पडली तिथे वेडेवाकडे, वळलेले, कसेही घुसलेले. फेकणारच होतो. मग आठवलं, खऱ्या लाव्हाच्या जाड थरातही तळाचे उभे खांब संपले की वर असाच गोंधळलेला पट्टा सापडतो, आणि वरून भेगांत शिरलेल्या पाण्याने झटपट गार झाल्यामुळे तो होतो असं मानतात. म्हणजे माझ्या घळीच्या पूर्वेला त्या काळी पाणी वाहत असणार.

नकाशात नदी पश्चिमेला होती. खोडली. पूर्वेला आणली, तर दोन गावं आणि एक पूल कोरड्यावर पडले. गावं हलवायला माझी हरकत नाही, पण पुलावर तीन पानांची कथा लिहून झालीय, त्याचं काय करायचं ते ठरत नाहीये. गाळणी स्वयंपाकघरात परत घेतली गेली नाही.