पो-बॉय घरच्या कढईत: न्यू ऑर्लिन्सचा पाव, साताऱ्या-सांगलीच्या बाजारातून

अमेरिकेतल्या न्यू ऑर्लिन्सला ‘पो-बॉय’ म्हणजे लांब पावात भरलेली तळलेली कोळंबी, कालवं किंवा कॅटफिश. १९२९ साली तिथल्या ट्राम कामगारांनी संप केला, तेव्हा पूर्वी स्वतः ट्रामवर कंडक्टर असलेल्या मार्टिन बंधूंनी संपकऱ्यांना असे पाव फुकट खिलवले. ‘पुअर बॉय’ हे नाव त्यावरून पडलं असं सांगतात.

तिकडची रेसिपी वाचून थेट कामाला लागलात तर पहिला घोटाळा शब्दांत होतो. अमेरिकेत ‘कॉर्न फ्लोअर’ म्हणजे बारीक दळलेलं मक्याचं पिवळं पीठ. आपल्या वाण्याकडे त्याच नावाने मिळतो तो पांढरा स्टार्च. त्याचं आवरण वेगळंच होतं, मक्याची रवाळ कुरकुर येत नाही. तेव्हा गिरणीतलं मक्याचं पीठच घ्या. ‘बटरमिल्क’चंही तसंच. आपलं ताक फार पातळ, त्यात पीठ धरत नाही. अर्धी वाटी दह्यात पाव वाटी दूध फेटलं की काम होतं.

चौघांसाठी सोललेली, काळा दोरा काढलेली कोळंबी अर्धा किलो. अमोनियासारखा वास आला तर घेऊच नका, त्यापेक्षा फ्रोझन बरी. ती रात्रभर फ्रिजमध्ये सुटू द्या आणि फडक्यावर दाबून कोरडी करा. कोळंबी नको असेल तर नदीचा मासा बिनधास्त वापरा, कॅटफिश तरी कुठे समुद्राचा! पण रोहू-कटला नको, त्यांचे बारीक काटे पावात सापडत नाहीत, घशात सापडतात. मरळ किंवा बासा चांगला. दोन सेंटीमीटर जाडीच्या पट्ट्या करा.

कोळंबी दही-दुधात अर्धा चमचा मीठ घालून वीस मिनिटं ठेवा. पिठासाठी मक्याचं पीठ १५० ग्रॅम, मैदा ७५ ग्रॅम, मीठ, लाल तिखट प्रत्येकी एक चमचा, मिरपूड अर्धा चमचा आणि चिमूटभर चुरडलेला ओवा. तिकडे थाईम नावाची सुवासिक पाने घालतात, वासाचं थायमॉल हे द्रव्य दोन्हींत असतं. कांदा-लसूण मसाला मात्र पिठात घालायचा मोह आवरा. त्यातला कांदा-लसूण आधीच भाजलेला, गरम तेलात काळा पडून कडवट होतो. तो मेयोनीजमध्ये घाला: चार मोठे चमचे मेयोनीज, एक चमचा मसाला, अर्धं लिंबू. तिकडच्या रेमुलाडला, म्हणजे मसालेदार सॉसला, हे उत्तर म्हणायला हरकत नाही.

घोळलेली कोळंबी झटकून दहा मिनिटं ताटात पसरून ठेवा, म्हणजे पीठ ओल धरतं आणि तळताना सुटत नाही. झटकली नाही तर सुटं पीठ तळाशी जळून तेल काळं होतं. तेल १७५ ते १८० अंश, शक्यतो रिफाइंड शेंगदाण्याचं, घाणीचं लवकर धुरकटतं. थर्मामीटर नसेल तर चिमूटभर पीठ टाका, ते लगेच फेसाळून वर यावं, पण काळवंडू नये. एका वेळी आठ-दहाच सोडा. जास्त टाकली की तेल थंडावतं आणि आवरण तेल पितं. कोळंबीला दोन मिनिटं पुरतात, माशाला तीन-चार. कागदावर नको, जाळीवर काढा. कागदावर खालची बाजू वाफेने मऊ पडते.

आता पाव, आणि खरी अडचण इथेच. न्यू ऑर्लिन्सच्या पावाचं कवच पातळ आणि कुरकुरीत, आत पोकळ, हलका. आपल्या शहरातल्या बेकऱ्यांतला बागेट, म्हणजे लांब फ्रेंच पाव, फार चिवट, चावला की कोळंबी बाजूने पळते. त्यापेक्षा लादीपावच बरा: तीन पाव न तोडता एकच पट्टी घ्या, आडवी चिरा आणि आतली बाजू कोरड्या तव्यावर कडक होईपर्यंत भाजा. मग मेयोनीज कडेपर्यंत लावा. त्यातल्या तेलामुळे टोमॅटोचं पाणी पावात मुरायला वेळ लागतो.

‘ड्रेस्ड’ मागितलं की तिकडे लेट्युस, टोमॅटो, आंबट काकडी आणि मेयोनीज येतं. लेट्युसऐवजी बारीक चिरलेला कोबी चालतो, उलट जास्त वेळ कुरकुरीत राहतो. काकडीच्या चकत्या व्हिनेगर-मिठात अर्धा तास मुरवून पिळून घ्या.

डब्यात न्यायचं असेल तर भरून नेऊ नका. कोळंबी पूर्ण गार करून कागदी पिशवीत, पाव वेगळा, मेयोनीज वेगळ्या डबीत, बर्फाशेजारी. फॉइलमध्ये गुंडाळली तर अर्ध्या तासात भज्यांसारखी मऊ पडते.