लॉरा पॉइट्रस आणि माझ्या काउंटरवरचे कागद

कणकवलीत माझं झेरॉक्स आणि ऑनलाइन फॉर्मचं दुकान आहे. उत्पन्नाचा दाखला, पीक विमा, रेशनकार्डाचं केवायसी ही तिथली रोजची कामं. तरी मी येणाऱ्या-जाणाऱ्याला लॉरा पॉइट्रस या अमेरिकन दिग्दर्शिकेबद्दल सांगत असते. लोकांचे कागद आपल्या हाती आले की कसं वागायचं, हे मला तिच्या कामातून कळलं.

२००६ साली तिचा इराकवरचा माहितीपट आला. त्यानंतर अमेरिकेत परतताना विमानतळावर तिला वर्षानुवर्षं अडवलं जायचं. चौकशी व्हायची, वह्यांच्या प्रती काढल्या जायच्या. एकदा लॅपटॉपही ठेवून घेतला. शेवटी ती बर्लिनला राहायला गेली, केलेलं चित्रीकरण तिथे सुरक्षित राहील म्हणून. त्यात तिच्या भरवशावर बोललेली माणसं होती. मला ही बाई मोठी वाटते ती यासाठी.

म्हणूनच जानेवारी २०१३ मध्ये एका निनावी माणसाने तिला ईमेल पाठवली असणार. तो एडवर्ड स्नोडेन, अमेरिकेच्या गुप्तचर संस्थेसाठी काम करणारा संगणक तंत्रज्ञ. जूनमध्ये हाँगकाँगच्या हॉटेलात तिने त्याचं चित्रीकरण केलं आणि २०१४ साली ‘सिटिझनफोर’ हा माहितीपट आला. पुढच्या वर्षी त्याला ऑस्करही मिळालं. खोलीत एक तरुण, पलंग, लॅपटॉप, दोन पत्रकार. पासवर्ड टाकताना तो डोक्यावरून लाल कापड ओढून घेतो. तेवढ्यासाठी इतकं कशाला, असं पहिल्यांदा बघताना वाटतं. माझ्या दुकानात मात्र माणसं ओटीपी मोठ्याने वाचून दाखवतात, मागे रांगेत पाचजण उभे असताना. काहीजण तर फोनच माझ्या हातात देऊन बाजारात जातात.

स्नोडेनने सरकारी गुपितं फोडली, तो देशद्रोही आहे, असं मानणारे खूप आहेत. अमेरिकेत त्याच्यावर हेरगिरीविरोधी कायद्याखाली आरोप आहेत. मला तो बरोबर वाटतो. कोट्यवधी साध्या माणसांच्या फोनच्या नोंदी अमेरिकन सरकार गोळा करत होतं आणि त्यांना त्याचा पत्ता नव्हता. हे कुणीतरी सांगायलाच हवं होतं.

“बाय, माझ्याकडे लपवण्यासारखा काय आसा?” असं एक आजी मला म्हणाल्या. त्यांच्याकडे लपवण्यासारखं खरंच काही नाही. पण त्यांचा आधार नंबर, बँकेचं पासबुक, सातबारा हे सगळं त्यांचं आहे. कुणाला दाखवायचं ते त्यांनीच ठरवायचं. २४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनी खासगीपणा हा मूलभूत हक्क असल्याचं एकमताने सांगितलं. तो हक्क या आजींचाही आहे.

गणपतीच्या तिकिटांच्या दिवसांत चाकरमानी अख्ख्या घराच्या आधारकार्डांचे फोटो व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवतात. साध्या आरक्षणाला प्रवाशाचं नाव, वय आणि स्त्री की पुरुष एवढं पुरतं, ते मी लिहून मागते. तरी फोटो आलाच तर काम झाल्यावर त्यांच्यासमोर पुसते, कॉम्प्युटरवरूनही. आणि जिथे आधारची प्रत द्यावीच लागते तिथे नंबरचे शेवटचे चारच आकडे दिसतील अशी प्रत चालते का, ते आधी विचारा. आधारच्या सरकारी संकेतस्थळावरून ती फुकट उतरवता येते. जमत नसेल तर दुकानात या, मी काढून देईन. ओटीपी मात्र तुमचा तुम्हीच टाका, मी तोंड फिरवून उभी राहते.