साउथडेल: छपराखालचा पहिला चौक

अमेरिकेतल्या मिनेसोटा राज्यातल्या मिनियापोलिसला येणारा पाहुणा मॉल ऑफ अमेरिका बघतो, आतल्या पाळण्यांत बसतो आणि खूश होऊन परत जातो. मला बघायचा होता तिथून थोड्याच अंतरावर, इडायना या उपनगरातला साउथडेल मॉल. मॉल ऑफ अमेरिका उघडला 1992 साली. साउथडेल त्याच्या छत्तीस वर्षं आधीचा. ताईला (माझी मावसबहीण) हे सांगितल्यावर ती म्हणाली, "अरे, तिथे काय बघायचंय? मी तिथे स्वेटर बदलून आणायला जाते."

जानेवारीचा महिना होता. पार्किंगच्या कोपऱ्याकोपऱ्यांत यंत्राने ढकललेल्या बर्फाचे काळपट ढिगारे. गाडीपासून दारापर्यंत जाईतो नाकाच्या शेंड्याचं भान गेलं. बाहेरून इमारत म्हणजे खिडक्या नसलेल्या लांबलचक भिंती, त्यांवर दुकानांची नावं. फोटो काढावा असं काही नाही. पण दुहेरी दार ओलांडून आत आलो, कोट काढून हातावर घेतला आणि हा मॉल इथेच का जन्मला ते कळलं. इथे बाजारहाट करायला सुखाची हवा वर्षातून जेमतेम चार महिने मिळते. म्हणून 8 ऑक्टोबर 1956 रोजी उघडलेल्या या इमारतीत बारा महिने चोवीस अंश सेल्सिअसच्या आसपास तापमान ठेवायचं ठरलं होतं. पूर्ण बंदिस्त, वातानुकूलित असा हा अमेरिकेतला पहिला उपनगरी मॉल. तेव्हाची 72 दुकानं, 5,200 गाड्यांची सोय आणि 2 कोटी डॉलरचा खर्च.

पैसा डेटन्स या मिनियापोलिसच्या डिपार्टमेंट स्टोअरवाल्या घराण्याचा, डोकं वास्तुविशारद व्हिक्टर ग्रुएनचं. ग्रुएन व्हिएन्नाचा ज्यू. 1938 मध्ये नाझींनी ऑस्ट्रिया गिळल्यावर तो न्यूयॉर्कला पळून आला. अमेरिकन उपनगरांत त्याला सगळ्यात खटकलं ते हे, की तिथे प्रत्येक कामासाठी गाडी काढावी लागते आणि दोन माणसांनी सहज भेटून गप्पा माराव्यात अशी जागाच नसते. व्हिएन्नाचा चौक, तिथली कॉफीची दुकानं त्याच्या डोक्यातून जात नव्हती. तोच चौक त्याने छपराखाली आणला. कारंजं, झाडं, कॅफे आणि एकवीस फूट उंच पिंजऱ्यात रंगीबेरंगी पक्षी!

पक्षी आता नाहीत. चौक मात्र आहे, आणि त्यात शिल्पकार हॅरी बर्टोयाची 'सोनेरी झाडं' अजून उभी आहेत. मी त्यांच्या बुंध्याशी बराच वेळ रेंगाळलो. उंचच उंच धातूच्या कांबी आणि त्यांना जोडलेले सोनेरी पत्रे. खालून बघितलं तर नुसतं लोखंडकाम वाटतं. सरकत्या जिन्याने वर गेलं की छतातून येणारा उजेड पत्र्यांवर पडतो आणि झाड दिसायला लागतं. माझ्याशिवाय कोणी मान वर करून बघत नव्हतं. ट्रॅकसूट घातलेले दोन आजोबा माझ्या बाजूने तिसऱ्यांदा झपाझप गेले. बाहेर बर्फ असताना फेऱ्या मारायला इथे येणारे बरेच जण आहेत म्हणे.

ग्रुएनची खरी हुशारी रचनेत आहे. एका लांबच लांब मजल्यावर माणूस चालून थकतो, म्हणून त्याने दुकानं दोन मजल्यांवर घेतली. वरचा मजला ओस पडू नये म्हणून पार्किंगही असं आखलं, की काही दारं थेट वरच्या मजल्यावर उघडतात आणि काही खालच्या. सगळी दुकानं तोंड आत करून, म्हणून बाहेर त्या कोऱ्या भिंती. आणि दोन टोकांना तेव्हाचे एकमेकांचे कट्टर स्पर्धक, डेटन्स आणि डोनल्डसन्स. एकाकडून दुसऱ्याकडे जाताना गिऱ्हाईक मधल्या छोट्या दुकानांवरून जाणारच. पुढे जगभरच्या मॉलवाल्यांनी हे गणित जसंच्या तसं उचललं. नामवंत अमेरिकन वास्तुविशारद फ्रँक लॉइड राइटने मात्र हा मॉल बघून नाक मुरडलं होतं: त्याच्या मते या चौकात गावातल्या रस्त्याचे सगळे दोष होते, गोडवा काही नव्हता. सोनेरी झाडांखाली उभं राहून मला ते जरा कडक वाटलं. पार्किंगकडे बघताना पटलं.

ग्रुएनच्या आराखड्यात मॉल हा फक्त मधला तुकडा होता. 463 एकरांत घरं, फ्लॅट, शाळा, दवाखाने, बाग, तळं असं अख्खं गाव त्याने काढलं होतं. डेटन्सने मॉल बांधला आणि भोवतालच्या जमिनीचे भाव चढल्यावर गावाचा विचार मागे पडला. नंतर ग्रुएन इतका वैतागला की 1978 साली लंडनमधल्या भाषणात त्याने आपण मॉलचे बाप नाही, या मॉलांची पोटगी आपण देणार नाही, असं जाहीर सांगितलं. तोवर तो व्हिएन्नाला परतला होता आणि त्या शहराच्या दक्षिणेलाही एक अवाढव्य मॉल उभा राहिला होता.

गंमत म्हणजे दुकानांना ऑनलाइन खरेदीने घाम फोडल्यावर ते गाव आता हप्त्याहप्त्याने येतंय. पार्किंगच्या जागेत फ्लॅट आणि हॉटेल झालंय. जेसी पेनी हे मोठं स्टोअर बंद पडलं, त्या जागी 2019 मध्ये भलीमोठी व्यायामशाळा उघडली. जवळ मोठं रुग्णालय तर आधीपासूनच आहे. जे विक्रीच्या जोरावर झालं नाही ते विक्री घसरल्यावर होतंय. ग्रुएन 1980 मध्ये गेला, नाहीतर त्याला कुठे तोंड फिरवावं कळलं नसतं.

सोबत आलेल्या ताईला एवढ्यात कोट सापडला होता. मिनेसोटात कपड्यांवर विक्रीकर नाही, त्यामुळे पाटीवरची किंमत तीच बिलावर येते. तिने ते मला तीनदा ऐकवलं आणि माझ्यासाठी लोकरीचे हातमोजेही टोपलीत टाकले. तुम्ही गेलात तर मॉल ऑफ अमेरिकेचा अर्धा दिवस कापून इथे या. वरच्या मजल्यावरच्या दारानेच आत शिरा, म्हणजे ती झाडं आधी वरून दिसतील.