आमची वाटचाल : उजेड पाजलेले कापड

ठाण्याच्या वागळे इस्टेटीतील आमचा गाळा मूळचा साध्या स्क्रीन प्रिंटिंगचा. कापडी पिशव्या, शाळांचे टी-शर्ट, गणेशोत्सव मंडळांचे झेंडे यांवर आमचे बरे चालले होते, आणि एका बालनाट्याचे काम आले नसते तर आजही तेच चालू राहिले असते. त्या नाटकातील काल्पनिक राज्यात सूर्य कायमचा मावळलेला होता. तेथील कोष्टी शेवाळाच्या सुतापासून स्वतः उजळणारी वस्त्रे विणत, आणि ज्याच्या अंगावर जितका उजेड, तितका त्याचा मान. दिग्दर्शकांनी विचारले, "रंगमंचावर एकही दिवा न लावता कापड उजळेल का?" आम्ही फारसा विचार न करता होकार दिला.

आपल्याकडे अंधारात चमकणाऱ्या प्रत्येक वस्तूला सरसकट 'रेडियम' म्हणतात. त्यामुळे तालमीला आलेल्या पालकांचा पहिला प्रश्न ठरलेला असे : मुलांच्या अंगाला हे रेडियम लागून काही होणार तर नाही ना? खरे रेडियम एके काळी घड्याळांच्या तबकड्यांवर लावले जात असे आणि ते घातकच होते. आम्ही वापरतो ते युरोपियम आणि डिस्प्रोसियम अत्यल्प प्रमाणात मिसळलेले स्ट्रॉन्शियम ॲल्युमिनेट. त्यात किरणोत्सर्ग नाही. ते प्रकाश साठवते आणि अंधारात सावकाश परत देते, एवढेच.

पहिला घाणा पूर्ण वाया गेला. नेहमीच्या पाण्यावरच्या बाइंडरमध्ये, म्हणजे रंग कापडाला चिकटवून ठेवणाऱ्या द्रवात, आम्ही पूड कालवली आणि दुसऱ्या दिवशी सकाळी डब्यात दगडासारखा गोळा सापडला. अंधारात धरला तर चमक जवळजवळ नाहीच. पाण्याशी संबंध आला की हे द्रव्य विघटित होते, म्हणून कणांवर संरक्षक लेप असलेलीच पूड घ्यावी लागते, हे आम्हांला त्या डब्याने शिकवले. मग कळले की हे कण इतके कठीण असतात की स्टीलच्या पळीने ढवळल्यास धातू झिजून पेस्ट करडी पडते. तेव्हापासून आमच्याकडे लाकडी उलथनेच वापरले जाते. छपाईची सेंटिमीटरला ७७ धाग्यांची जाळी कणांनी तुंबत असे, ती बदलून मोठ्या छिद्रांची, ४३ धाग्यांची घेतली. चमकीच्या थराखाली आधी पांढऱ्या रंगाचा हात दिला, कारण गडद कापड तो उजेड स्वतःच गिळून टाकते. कापड मात्र भिवंडीच्या मागांवरचे साधे सुती होते, आणि आजही तेच आहे.

खरी कसोटी गडकरी रंगायतनातील रंगीत तालमीत लागली. गाळ्याच्या अंधाऱ्या माळ्यावर डोळे दिपवणारी वस्त्रे तेथे राखाडी फडक्यांसारखी दिसली. दोष कापडाचा नव्हता. आधीचा प्रवेश झगमगीत दिव्यांत झाला होता आणि प्रेक्षकांतील कोणाच्याही डोळ्यांना अंधाराची सवय व्हायला वेळच मिळाला नव्हता. प्रकाशयोजनाकारांनी आधीच्या प्रवेशाचे दिवे हळूहळू उतरवत नेले, तेव्हा कोठे कापड दिसू लागले.

दुसरी अडचण राजवस्त्राची होती. दिग्दर्शकांना ते लालसर सोनेरी हवे होते. पण लाल चमक या पदार्थांत मुळात दुबळी असते, आणि अंधारात आपल्या डोळ्याला लाल रंग जवळपास दिसतच नाही, हिरवा-निळा मात्र चटकन दिसतो. बरीच हुज्जत घातल्यावर राजा हिरवा झाला. मला विचाराल तर शेवाळाच्या राज्याला तेच शोभले.

तिसरी अडचण सुटली नाही, आणि तिनेच आमच्या धंद्याला वळण दिले. हे कापड पहिल्या दहा-पंधरा मिनिटांत सर्वाधिक उजळते. नंतर मंद होत होत तासन्‌तास रेंगाळते, परंतु शेवटच्या रांगेपर्यंत ते पोहोचत नाही. हे मी लेखकांना प्रामाणिकपणे सांगितले. त्यांनी संहितेत एक नियमच घातला : त्या राज्यातील वस्त्राला रोज उजेड पाजावा लागतो, आणि जो पाजायला विसरला त्याचा मान मावळतो. विंगेत आम्ही अतिनील नळ्या लावलेली लाकडी पेटी ठेवली, मुले बाहेर आली की ड्रेपरी (नाटकाचे कपडे) सांभाळणाऱ्या ताई अंगरखे पेटीत टांगत आणि म्हणत, "चला, पाजून घ्या." आमच्या गाळ्यातील कारागीरही आता तोच शब्द वापरतात.

पुढे शाळांची स्नेहसंमेलने आली, नवरात्रातील घागरे आले, इतर नाट्यसंस्थांची कामे आली. एका निर्मात्याने ४० मीटर कापडाचे पैसे बुडवले; तेव्हापासून निम्मी रक्कम आगाऊ घेतल्याशिवाय आम्ही पूड उघडत नाही. त्याहून अधिक त्रास 'रात्रभर चमकेल ना?' या प्रश्नाचा होतो, कारण होय म्हणणारे दुकानदार बाजारात पुष्कळ आहेत. आम्ही ग्राहकाला माळ्यावर नेतो, दिवा घालवतो आणि नमुन्याचा तुकडा हातात देऊन पंधरा मिनिटे तेथेच बसायला सांगतो. काही जण पाचव्या मिनिटाला उठून जातात.

सध्या एका नव्या बालनाट्यासाठी १२ मीटरचा पडदा टेबलावर आहे. त्यात समुद्राखालचे नगर आहे, आणि लेखिकाबाईंनी पहिल्याच भेटीत विचारले की हा पडदा किती वेळाने विझेल, म्हणजे त्याप्रमाणे प्रवेश लिहिता येईल.