एका चित्रात वाळलेला ऊस

फेब्रुवारी २०२२. कोल्हापूर भागातल्या एका साखर कारखान्यासाठी आम्ही सेंटिनेल-२ उपग्रहाच्या चित्रांवरून उसाचे नकाशे करत होतो. एक पिक्सेल म्हणजे जमिनीवरचा १० मीटर बाय १० मीटरचा तुकडा. त्याचे लाल आणि अवरक्त पट्ट्यातले आकडे वाचायचे, वजाबाकीला बेरजेने भागायचं, की एनडीव्हीआय, म्हणजे हिरवाईचा निर्देशांक, मिळतो. भरगच्च उसाला ०.८ च्या आसपास. नव्या चित्रात तो सगळीकडे ०.५५ वर आलेला.

शेती अधिकाऱ्यांना फोन लावला. "अवो, तोडणी चालू हाय न्हवं! उतरणारच की."

पटण्यासारखं होतं. पण तोडणी सगळ्या गटांत एकदम होत नाही, आणि नकाशात दाजीपूरचं जंगलही पिवळं पडलं होतं. तिथे कोण कोयता घेऊन गेलं?

जुनं-नवं चित्र क्यूजीआयएसमध्ये शेजारी उघडलं, तर जुळी भावंडं. हे सॉफ्टवेअर प्रत्येक चित्राचे किमान-कमाल आकडे बघून रंग ताणून दाखवतं. सगळ्या पिक्सेलांत सारखीच भर पडली तर डोळ्यांना ती दिसणारच नाही. मग पायथॉनमध्ये राधानगरी धरणाच्या पाण्यावरचा एक छोटा चौकोन वाचला. पाणी अवरक्त प्रकाश जवळपास गिळून टाकतं, म्हणून तिथे आकडा लहानच हवा. जानेवारीच्या सुरुवातीला तो दोनशेच्या आसपास होता, आता बाराशेच्या.

उत्तर चित्रासोबत येणाऱ्या त्याच्या माहितीच्या एक्सएमएल फाइलमध्ये होतं: ऑफसेट, म्हणजे आकडे वापरण्याआधी त्यांत मिळवायची दुरुस्ती, उणे १०००. ही चित्रं देणाऱ्या युरोपीय अवकाश संस्थेने २५ जानेवारी २०२२ पासून प्रक्रिया बदलली होती. गडद जागांवर वातावरणाचा परिणाम वजा करताना आकडा कधी शून्याखाली जातो, आणि फाइलमधल्या चिन्हरहित पूर्णांकात उणे आकडा मावत नाही. म्हणून सगळ्यांतच हजार मिळवून ठेवायचे. उसाचे लाल पट्ट्यातले ४०० आणि अवरक्तातले ४००० झाले १४०० आणि ५०००. वजाबाकी तीच ३६००, बेरीज मात्र ४४०० ची ६४००. ०.८२ चं ०.५६! संस्थेचं चुकलं असं मी म्हणणार नाही. आधी ते उणे आकडे सरळ कापले जात होते.

हजार वजा करण्यातही एक खोच आहे. १६ बिटच्या चिन्हरहित आकड्यात ९९० मधून १००० काढले तर उणे दहा नव्हे, गोल फिरून वरच्या टोकाचे ६५५२६ येतात. काळ्याभोर पाण्यात लख्ख ठिपके! आधी फ्लोट, म्हणजे उणेही मावणारा दशांश आकडा, करायचं, मग वजाबाकी. आणि ० म्हणजे 'माहिती नाही', त्याला हात लावायचा नाही.

संध्याकाळच्या नकाशात जंगल हिरवं होतं आणि खरोखर तुटलेले गट वेगळे उठून दिसत होते. अधिकाऱ्यांनी ते आपल्या स्लिपबॉयकडून, म्हणजे तोडणीच्या चिठ्ठ्या देणाऱ्या माणसाकडून, ताडून घेतले. त्यांचा भरवसा शेवटी त्याच्यावरच, आणि ते बरोबरही आहे.

पुढे संस्थेने जुना साठाही नव्या पद्धतीने तयार करायला घेतला. म्हणजे २०१८ च्या चित्रातही हजारांची भर निघू शकते. त्यामुळे आमच्या कोडमध्ये तारखेची अट नाही. प्रत्येक चित्राची एक्सएमएल उघडून त्यातलाच ऑफसेट वाचतो.