मोंढ्यातला एक संवाद

गेली अठरा वर्षे मी मालिका आणि चित्रपटांत चरित्र भूमिका करतो आहे. तलाठी, हवालदार, नायिकेचा मामा, आणि सर्वांत अधिक वेळा शेतकरी. मी परभणी जिल्ह्यात वाढलो. परंतु पडद्यावरचा माझा शेतकरी बोलत आला तो सातारा-कोल्हापूरकडची बोली, कारण ग्रामीण म्हणजे तीच बोली अशी आमच्या व्यवसायात पक्की समजूत आहे आणि दोन दिवसांच्या कामासाठी आलेल्या नटाने संहितेविषयी बोलावे, असे मला कधी वाटले नव्हते.

त्या दिवशी चित्रीकरण परभणीकडच्याच एका मोंढ्यात, म्हणजे धान्याच्या बाजारात होते. सोयाबीनचा ओलावा १२ टक्क्यांच्या वर आहे, असे यंत्र दाखवून आडत्या माल नाकारतो, एवढाच प्रसंग होता. सबंध प्रसंग सलग टिपणाऱ्या मास्टर शॉटच्या तालमीत मी "शेठ, माल माघारी का धाडतायसा?" असे म्हणालो. तेव्हा गर्दीत उभ्या केलेल्या खऱ्या हमालांपैकी एक वयस्कर गृहस्थ जवळ आले.

"तुम्ही कुठले?"

मी गावाचे नाव सांगितले.

"मग असं कामून बोलायलाव?"

मला उत्तर देता आले नाही. १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात राहिलेल्या आमच्या भागाच्या मराठीत दखनी उर्दू मिसळलेली आहे, कन्नड आणि तेलुगू शेजाराचे सूर आहेत. हीच भाषा मी घरी बोलतो आणि कॅमेऱ्यासमोर खुंटीला टांगून ठेवतो. त्याची मला त्या क्षणी फार लाज वाटली.

मी दिग्दर्शिकेला विनंती केली. दिवस मावळण्यापूर्वी चार प्रसंग संपवायचे असूनही त्यांनी संवादलेखकाला फोन लावला आणि वाक्य बदलले: "शेठ, माल वापस कामून पाठवायलाव?" त्या हमालकाकांनी आणखी एक गोष्ट सांगितली. आपला शेतकरी यंत्राकडे पाहत नाही, पोत्यातला दाणा काढून दाताखाली फोडून बघतो. वाळलेला दाणा कट्कन फुटतो, ओला दबतो. मी तसे केले. अर्थात एकदा केलेली कृती पुढच्या प्रत्येक कोनातून त्याच हाताने, त्याच शब्दावर करावी लागते, म्हणून त्या दुपारी मी अकरा वेळा दाणा फोडला, आणि अकराही वेळा तो आवाज ऐकून मला वडील आठवले.

प्रक्षेपणात माझ्या वाक्याच्या वेळी कॅमेरा नायकाच्या चेहऱ्यावर होता आणि दाणा फोडणे संकलनात गेले होते. वाक्य मात्र जसेच्या तसे ऐकू आले.

पुढच्या आठवड्यात नटांना कामे देणाऱ्या को-ऑर्डिनेटरचा फोन आला. पुन्हा शेतकरीच होता. मानधनाआधी मी त्याला विचारले, "गोष्टीतलं गाव कोणत्या जिल्ह्यातलं आहे?"